खाँसाहेब आणि खरखर

काही रॉक बँड मुद्दाम घरच्या टेपवर खरखरीत अल्बम करतात आणि आपण तो फ्लॅकमध्ये मिळवून ऐकतो. मग त्याच कानांनी नाइलाजाने खरखरीत झालेला एक आवाज ऐकायला काय हरकत आहे? उस्ताद अब्दुल करीम खाँ!

जन्म १८७२ चा, उत्तरेतल्या कैरान्याचा. पण माणूस आपलाच झाला. बडोद्याच्या दरबारात गायले, तिथल्याच सरदार घराण्यातल्या ताराबाई मान्यांशी संसार मांडला आणि बडोदं सोडलं. पुढे मिरज, पुणे. १९१३ मध्ये पुण्यात आर्य संगीत विद्यालय चालवलं. देवल आणि क्लेमंट्स यांच्याबरोबर श्रुती मोजायच्या प्रयोगांत गळा दिला. म्हणजे आपल्या लॅबचंच काम की! तंबोरा लावणं हा तर त्यांचा ध्यास होता.

१९२२ मध्ये ताराबाई मुलांना घेऊन वेगळ्या झाल्या. सुरेशबाबू माने, हिराबाई बडोदेकर ही मुलं मोठी गायक झाली, पण वडिलांचं नाव न लावता.

आता रेकॉर्डचं. सुरुवातीच्या काळात माईक नव्हता, भोंग्यात तोंड घालून गायचं. वरचे-खालचे बरेच सूर त्यात पोहोचतच नसत. १९३० नंतरच्या त्यांच्या रेकॉर्ड मात्र विजेवरच्या. तरी एका बाजूला जेमतेम तीन मिनिटं! तासभराचा राग तेवढ्यात बसवायचा. झिंझोटी आणि भैरवी आधी ऐका. भीमसेन जोशी लहानपणी त्यांची झिंझोटीची रेकॉर्ड ऐकूनच गुरूच्या शोधात घरातून पळाले.

फक्त एमपी३ नको. खरखर म्हणजे नॉइज, तिचा अंदाज बांधता येत नाही. कमी बिटरेटला एन्कोडर बरेच बिट तिच्यावरच उधळतो आणि स्वराची शेपटी पाण्यासारखी होते. फ्लॅकची फाइल याच खरखरीमुळे मोठी होते, होऊ द्या! आणि नॉइज काढून 'स्वच्छ' केलेली प्रत तर अजिबात नको. फिल्टर खरखरीबरोबर वरचे स्वरांशही नेतो. श्रुतीसाठी आयुष्य घालवलेल्या माणसाच्या बाबतीत हा अन्यायच.

१९३७ च्या ऑक्टोबरात मद्रासहून पाँडिचेरीला जाताना बरं वाटेना म्हणून ते सिंगपेरुमाळ कोइलच्या स्टेशनवर उतरले. सांगतात की, तिथेच प्लॅटफॉर्मवर बसून तंबोरा लावला, दरबारी गायले आणि गेले. कबर मिरजेला, मीरासाहेबांच्या दर्ग्यात. तिथे उरुसाला अजूनही रात्रभर गाणं चालतं.