अर्नेस्ट स्विंटन

रणगाड्याची कल्पना पुढे मांडणाऱ्यांत अर्नेस्ट स्विंटन यांचे नाव अग्रभागी आहे. त्यांचा जन्म १८६८ साली बंगळूर येथे झाला. पुढे ते ब्रिटिश सैन्यात अधिकारी झाले. १९१४ साली पहिले महायुद्ध पेटले, तेव्हा युद्धवार्ता लिहिण्यासाठी सरकारने त्यांना फ्रान्समध्ये धाडले. तेथे दोन्ही सैन्ये खंदकांत दबा धरून बसली होती. पुढे सरसावणारे शिपाई काटेरी तारांत अडकत आणि मशिनगनच्या माऱ्याखाली शेकडोंनी धारातीर्थी पडत.

त्या काळी अमेरिकेत साखळीपट्ट्यांवर चालणारे ट्रॅक्टर होते; ते चिखलातूनही जात. अशा यंत्रास पोलादी कवच चढवून आत तोफा बसवाव्यात, असे स्विंटन यांनी सुचविले. प्रारंभी वरिष्ठांनी फारसा उत्साह दाखविला नाही. अखेर ट्रिटन व विल्सन यांनी लिंकन शहरात तसा गाडा सिद्ध केला. गुप्ततेसाठी त्यास ‘टँक’, म्हणजे पाण्याची टाकी, असे नाव दिले गेले.

पुरेसे गाडे जमेपर्यंत ते रणांगणावर आणू नयेत, असा स्विंटन यांचा आग्रह होता. तो मानला गेला नाही. १५ सप्टेंबर १९१६ रोजी सोमच्या लढाईसाठी अवघे ४९ गाडे नेमले गेले; त्यांतील कित्येक वाटेतच बंद पडले. लवकरच स्विंटन यांना पदावरूनही दूर करण्यात आले. परंतु २० नोव्हेंबर १९१७ रोजी कांब्रे येथे चारशेहून अधिक रणगाडे एकदम चालून गेले आणि शत्रूची फळी फुटली. दूर सारलेल्या माणसाचा सल्लाच अखेर खरा ठरला. १९५१ साली स्विंटन निवर्तले.