‘गृहस्थ’ निघाली तरुणी!

नावावरून माणूस ठरवायला गेलं की कशी फजिती होते, बघा. १९४४ मध्ये अमेरिकेत ली ब्रॅकेट यांची रहस्यकादंबरी आली. दिग्दर्शक हॉवर्ड हॉक्सना ती इतकी आवडली, की ‘द बिग स्लीप’च्या पटकथेसाठी त्यांनी या ‘गृहस्थां’ना बोलावून घेतलं. समोर उभी राहिली अठ्ठावीस वर्षांची तरुणी! पण काम तिलाच मिळालं. विल्यम फॉकनरसारख्या दिग्गजाशी तिनं मूळ कादंबरीची प्रकरणं वाटून घेतली आणि पटकथा लिहिली. पुढे ‘रिओ ब्राव्हो’ आला, ‘द रॉकफर्ड फाइल्स’ या टीव्हीवरच्या गुन्हेमालिकेसाठीही तिनं लिहिलं. १९७८ मध्ये कर्करोगानं गाठलं, तरी ‘द एम्पायर स्ट्राइक्स बॅक’चा पहिला खर्डा हातावेगळा करूनच ती गेली. १९८० मध्ये चित्रपट झळकला. पडद्यावर लीचं नाव होतं, ते बघायला ली मात्र नव्हती.