*ऐकून घेणारा माणूस : कार्ल रॉजर्स*



घरात कुणी डोळ्यांत पाणी घेऊन आलं की आपण काय करतो? दोन मिनिटं ऐकतो न ऐकतो तोच सल्ला सुरू. असं कर, तसं करू नकोस, मी आधीच सांगितलं होतं. आज ज्यांची ओळख करून घ्यायची ते अमेरिकेतले मानसशास्त्रज्ञ कार्ल रॉजर्स. त्यांची नोकरीच सल्ला देण्याची होती, आणि त्यांनी सल्ला देणंच सोडलं.

जन्म ८ जानेवारी १९०२, शिकागोजवळच्या ओक पार्कचा. सहा भावंडांत चौथे. घर सुखवस्तू, पण धार्मिक शिस्त कडक. पत्ते नाहीत, नाच नाही, नाटक नाही. सोड्याची बाटली प्यायली तरी पाप केल्यासारखं वाटायचं! कार्ल बारा वर्षांचे असताना सगळे शेतावर राहायला गेले. तिथे तळघरात हिवाळ्यासाठी बटाटे साठवून ठेवत. वर एक लहानशी खिडकी, बाकी अंधार. त्या बटाट्यांनाही फिकट, लांबलचक कोंब फुटत आणि ते वेडेवाकडे होत उजेडाकडे सरकत. पुढे मनाने पार मोडलेली माणसं भेटली की रॉजर्सना ते कोंब आठवत.

आधी शेतीशास्त्र शिकले. १९२२ मध्ये ख्रिस्ती विद्यार्थ्यांच्या परिषदेसाठी चीनला गेले, तिथे वेगवेगळ्या विचारांची माणसं भेटली आणि घरच्या समजुती सैल झाल्या. न्यूयॉर्कला धर्मशास्त्र शिकायला लागले, ते मधेच सोडून मानसशास्त्राकडे वळले. मग रोचेस्टर गावात, अडचणीत आलेल्या मुलांसाठीच्या संस्थेत बारा वर्षं नोकरी.

तिथली एक गोष्ट त्यांनी पुढे स्वतःच सांगितली आहे. एका बाईंचा मुलगा फार व्रात्य. रॉजर्सचं निदान पक्कं होतं: आईने मुलाला लहानपणी दूर लोटलं, म्हणून हे सगळं. कित्येक भेटींत त्यांनी हे बाईंना पटवून देण्याचा प्रयत्न केला. काही उपयोग नाही. शेवटी दोघांनी ठरवलं की आता थांबावं. हात मिळवून बाई निघाल्या, दारापर्यंत पोचल्या आणि वळून विचारलं, की इथे मोठ्या माणसांनाही मदत करता का? परत खुर्चीवर येऊन बसल्या आणि आपल्या संसाराचं दुःख बोलू लागल्या. निदानाच्या कागदात त्यातलं काहीच नव्हतं! रॉजर्स गप्प राहून ऐकत गेले. पुढे बाईही सावरल्या, मुलगाही. कुठे दुखतंय हे ज्याचं त्यालाच ठाऊक असतं, हे त्या दिवशी त्यांना उमगलं.

१९४० मध्ये ते ओहायो स्टेट विद्यापीठात प्राध्यापक झाले. आलेल्या माणसाशी झालेलं बोलणं ते ग्रामोफोनच्या तबकड्यांवर घेऊ लागले. तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटं मावत, म्हणजे किती खटाटोप असेल बघा! १९४२ च्या पुस्तकात त्यांनी एका माणसाच्या सगळ्या भेटींतलं बोलणं छापलं. मानसोपचाराच्या बंद खोलीत काय चालतं ते यामुळे इतरांना तपासता येऊ लागलं. आणि येणाऱ्याला ते पेशंट म्हणत नसत, क्लायंट म्हणत. माणूस आजारी म्हणून खाली आणि डॉक्टर वर, हे त्यांना मान्य नव्हतं. ऐकणाऱ्याने मुखवटा घालू नये, समोरच्याला अटी न घालता स्वीकारावं, त्याचं जग त्याच्या डोळ्यांनी पाहावं, एवढंच ते मागत. वाचायला सोपं आहे. आपल्याच मुलाशी दहा मिनिटं करून पाहा, मग कळतं.

टिंगलही झाली. हा नुसता मान डोलावतो आणि समोरच्याचंच वाक्य परत म्हणतो, असं लोक म्हणत. रॉजर्सना याचा मनस्ताप व्हायचा. त्यांच्या पद्धतीची पोपटपंची करणारे शिष्यही होतेच, तेव्हा टीका अगदीच खोटी नव्हती.

पण मला सर्वात मोठं वाटतं ते शिकागोतलं. १९४७ मध्ये ते अमेरिकन मानसशास्त्रज्ञांच्या संघटनेचे अध्यक्ष झाले होते, नाव गाजत होतं. त्यानंतर दोन-तीन वर्षांतच, एका अतिशय त्रस्त बाईंना मदत करताना त्यांचाच तोल गेला. आपण कुठे संपतो आणि ती कुठे सुरू होते, हेच कळेना. बाईंना एका सहकाऱ्याच्या हाती सोपवून ते पत्नी हेलनसह गाव सोडून निघून गेले, ते दोन-तीन महिने परतलेच नाहीत. आल्यावरही मन थाऱ्यावर नव्हतं. आपण खरे कसे आहोत हे कळलं तर कुणीच आपल्यावर प्रेम करणार नाही, अशी भीती आत बसली होती. तेव्हा त्यांच्याच हाताखालच्या एका तरुण सहकाऱ्याने मदत देऊ केली. गुरुजी शिष्यासमोर क्लायंट होऊन बसले! इतरांना बिनशर्त स्वीकारणाऱ्या माणसाला स्वतःबद्दलची माया घेणं तिथे जमू लागलं. पुढे त्यांनी हे लपवलं नाही, लिहून ठेवलं.

अब्राहम मास्लो यांच्यासोबत मानवतावादी मानसशास्त्राचे प्रवर्तक म्हणून त्यांचं नाव घेतात. सत्तरी ओलांडल्यावरही ते स्वस्थ बसले नाहीत. उत्तर आयर्लंडमधले कॅथलिक आणि प्रोटेस्टंट, दक्षिण आफ्रिकेतले काळे आणि गोरे यांना एका खोलीत बसवून एकमेकांचं ऐकायला लावत. १९८७ च्या सुरुवातीला पडून खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं, पण हृदयाने साथ दिली नाही. ४ फेब्रुवारीला, वयाच्या ८५ व्या वर्षी, कॅलिफोर्नियात त्यांचं निधन झालं.