विश्लेषण : फर्मान बाजूला ठेवून कान्होजी जेधे शिवाजी महाराजांसोबत का राहिले?

अफजलखानाच्या स्वारीत मावळातील देशमुखांपुढे एकच प्रश्न होता : वतन वाचवायचे की शब्द पाळायचा? कारीचे कान्होजी जेधे आणि उत्रोलीचा खंडोजी खोपडे या एकाच खोऱ्यातील दोन शेजाऱ्यांनी या प्रश्नाची उलट उत्तरे दिली. पुढे त्याच खंडोजीच्या जिवासाठी कान्होजींनी शब्द टाकला. भोर तालुक्यातील या अनपेक्षित युत्यांची ही कहाणी.

कान्होजी जेधे कोण होते?

भोरच्या दक्षिणेला रोहिडा किल्ला आहे. त्याच्या आसपासच्या मुलखाला रोहिडखोरे म्हणत. या खोऱ्यातील देशमुखीत जेधे आणि खोपडे ही दोन मोठी घराणी. जेध्यांचे गाव रायरेश्वराच्या पायथ्याचे कारी, तर खोपड्यांचे भोरजवळचे उत्रोली.

कान्होजी याच जेधे घराण्यातले. ते शहाजीराजांच्या पिढीचे, म्हणजे शिवाजी महाराजांपेक्षा वयाने बरेच मोठे. त्यांच्या आयुष्याची बरीच माहिती 'जेधे करीना' आणि 'जेधे शकावली' या घराण्याच्या जुन्या कागदपत्रांतून मिळते. शकावली लोकमान्य टिळकांनी प्रसिद्धीस आणली. शिवाजी महाराजांची आज मान्य असलेली जन्मतिथी, शके १५५१ ची फाल्गुन वद्य तृतीया, ठरवण्यात या शकावलीचा मोठा वाटा आहे.

वतनासाठी एवढी भांडणे का होत?

देशमुख हा त्या भागाचा वंशपरंपरागत अधिकारी. रयतेकडून सारा गोळा करायचा, सरकारात भरायचा, पदरी माणसे बाळगायची आणि गरज पडली तर ती घेऊन लढाईला जायचे, ही त्याची कामे. त्या बदल्यात उत्पन्नाचा वाटा, जमिनी आणि गावोगावचे मानपान मिळे. हे हक्क म्हणजे वतन. ते बापाकडून मुलाकडे जाई.

वतन वाटले की कमी होई आणि भाऊ जितके जास्त तितके वाटेकरी जास्त. त्यामुळे भाऊबंदकी आणि खून हे वतनदार घराण्यांत नवे नव्हते. शेजारच्या देशमुखाशी हद्दीवरून आणि मानावरून होणारे तंटे वेगळेच. त्यातच वतनाला मान्यता देणारा किंवा ते काढून घेणारा बादशहा दूर विजापुरात बसलेला. दोघे भांडत राहिले की त्याचे काम सोपे होई.

कान्होजींचा जीव कोणी वाचवला?

कान्होजी स्वतः अशाच भाऊबंदकीतून वाचले होते. घराण्याच्या परंपरेनुसार, त्यांचे वडील नाईकजी यांचा वतनाच्या वादात भाऊबंदांनीच खून केला. तान्ह्या कान्होजीच्या जिवालाही धोका होता. त्या वेळी देवजी महाला या सेवकाने बाळाला तिथून हलवले आणि मोसे खोऱ्यातील बाजी पासलकरांकडे सुखरूप पोहोचवले.

रक्ताचे नातेवाईक जिवावर उठले असताना बाळाला वाचवणारा एक सेवक निघाला, आणि आश्रय देणारा दुसऱ्या खोऱ्याचा देशमुख. पासलकरांना यात कसलेच वतन मिळणार नव्हते, उलट जेध्यांच्या भांडणात ओढले जाण्याची भीती होती. तरीही त्यांनी मुलाला वाढवले आणि पुढे आपली मुलगी सावित्रीबाई हिचे लग्न त्याच्याशी लावून दिले. ज्या मोसे खोऱ्यात हे घडले, त्याचा बराच भाग आज वरसगाव धरणाच्या पाण्याखाली आहे. त्या जलाशयाला वीर बाजी पासलकर यांचेच नाव आहे.

शहाजीराजांशी संबंध कसा आला?

कान्होजी मोठे झाल्यावर आदिलशाही सरदार रणदुल्लाखानाच्या चाकरीत होते. १६३६ मध्ये माहुलीच्या वेढ्यानंतर निजामशाही संपली आणि शहाजीराजे आदिलशाहीत दाखल झाले. करीन्यानुसार, शहाजीराजांनी रणदुल्लाखानाकडून कान्होजींना आपल्याकडे मागून घेतले. त्यानंतर कान्होजी त्यांच्यासोबत कर्नाटकात गेले.

या सोबतीची परीक्षा १६४८ मध्ये झाली. २५ जुलैला जिंजीजवळच्या छावणीत शहाजीराजांना कैद करण्यात आले. त्यांच्याबरोबर कान्होजी आणि त्यांचे कारभारी दादाजी कृष्ण लोहोकरे यांनाही कैद झाली. पुढच्या वर्षी, १६ मे १६४९ रोजी, शहाजीराजे सुटले. त्यासाठी कोंढाणा आदिलशहाला परत द्यावा लागला.

सुटकेनंतर शहाजीराजांनी कान्होजींना मावळात परत पाठवले. कान्होजींनी आता शिवाजी महाराजांजवळ राहावे आणि प्रसंग आला तर जिवाची बाजी लावावी, असे ठरले. त्यासाठी शपथक्रिया झाली. कान्होजी परतले ते हा शब्द देऊन.

मग १६५९ मध्ये पेच कोणता होता?

१६५९ मध्ये अफजलखान शिवाजी महाराजांवर चालून आला. मावळातील देशमुख आपल्या बाजूला घेणे हा त्याच्या मोहिमेचा महत्त्वाचा भाग होता. कारण डोंगर, घाट आणि पायवाटा माहीत असलेली माणसे त्यांच्याकडेच होती. त्यासाठी दुसऱ्या अली आदिलशहाने देशमुखांना फर्माने धाडली. कान्होजींच्या नावाचे फर्मान १६ जून १६५९ चे आहे. खानाला सामील व्हा, नाहीतर परिणाम भोगा, असा त्याचा आशय होता.

कान्होजींचा पेच साधा नव्हता :

• आदिलशहा त्यांचा शत्रू नव्हता. त्यांच्या वतनाचा तोच मालक होता.

• खानाकडे मोठी फौज होती. शिवाजी महाराज २९ वर्षांचे होते आणि त्यांचे राज्य लहान होते. जिंकण्याची खात्री कोणीच देऊ शकत नव्हते.

• शेजारी बाजू बदलत होते. उत्रोलीचा खंडोजी खोपडे देशमुखीच्या आशेने खानाला जाऊन मिळाला होता.

खंडोजीचा हिशेब त्या काळाच्या रीतीला धरूनच होता. वतन बादशहा देतो, म्हणून बादशहाची बाजू घ्यायची. बहुतेक वतनदारांच्या मनात तोच विचार येत असणार.

कान्होजींनी काय केले?

कान्होजी आपल्या पाच मुलांना घेऊन राजगडावर महाराजांकडे गेले आणि फर्मान त्यांच्यापुढे ठेवले. महाराजांनी त्यांना लगेच आपल्या बाजूला ओढले नाही. हुकूम मोडला तर वतन जाईल, जीवही जाईल, इतर देशमुख खानाकडे गेले आहेत, तेव्हा विचार करा, असे त्यांनी सुचवले.

कान्होजींनी शहाजीराजांना दिलेल्या शब्दाची आठवण दिली आणि हातावर पाणी घेऊन वतनावर उदक सोडले. ज्या वतनापायी त्यांचे वडील मारले गेले होते, तेच त्यांनी एका क्षणात सोडून दिले. त्यांचा निर्णय पक्का आहे हे पाहिल्यावर महाराजांनी त्यांना कुटुंबकबिला सुरक्षित ठिकाणी, तळेगाव ढमढेरे येथे, हलवण्यास सांगितले. मग इतर देशमुखांना एकत्र आणण्याची कामगिरी कान्होजींवर आली.

ही युती अनपेक्षित का म्हणायची?

विचित्र वाटणाऱ्या युत्या जगात सगळीकडे दिसतात. बहुतेकांच्या मुळाशी देवाणघेवाण किंवा समान शत्रू असतो. शेतातल्या मुंग्या माव्याची राखण करतात, कारण मावा त्यांना गोड रस देतो. १५३६ मध्ये फ्रान्सचा ख्रिस्ती राजा पहिला फ्रान्सिस आणि तुर्की सुलतान सुलेमान यांनी हातमिळवणी केली तेव्हा युरोपात खळबळ उडाली. १५४३ मध्ये दोघांच्या आरमारांनी मिळून नीस शहराला वेढा घातला. पण त्यांना जोडणारा धागा उघड होता : सम्राट पाचवा चार्ल्स हा दोघांचाही वैरी होता.

कान्होजींच्या बाबतीत असा धागा नव्हता. आदिलशहाशी वैर धरण्याचे त्यांना कारण नव्हते आणि नफ्याचे आमिष तर समोरच्या बाजूला होते. धर्मावरूनही बाजू ठरत नव्हती. खानाकडे अनेक मराठे सरदार होते आणि त्याचा वकील कृष्णाजी भास्कर होता, तर महाराजांच्या निवडक अंगरक्षकांत सिद्दी इब्राहिम होता.

म्हणूनच कान्होजींच्या निर्णयाचा इतरांवर परिणाम झाला. जो स्वतः वतन सोडून आला आहे, तो आपले वतन गिळायला आला नाही, हे बाकीच्या देशमुखांना दिसत होते. हिरडस मावळातील बांदल, गुंजण मावळातील शिळीमकर, कानद खोऱ्यातील मरळ असे देशमुख एका झेंड्याखाली उभे राहिले. यातल्या बांदलांशी जेध्यांची जुनी चुरस होती. खुद्द महाराजांनाही बांदलांशी आधी लढावे लागले होते. त्यांचे कारभारी बाजीप्रभू देशपांडे त्या संघर्षानंतरच स्वराज्यात आले.

१० नोव्हेंबर १६५९ रोजी प्रतापगडाच्या पायथ्याशी अफजलखान मारला गेला. जावळीच्या जंगलात दबा धरून बसलेल्या मावळ्यांच्या तुकड्या खानाच्या छावणीवर तुटून पडल्या. त्यांत जेधे आणि बांदल खांद्याला खांदा लावून लढले. पुढे दरबारात तलवारीच्या पहिल्या पानाचा मान कान्होजींना मिळाला.

खंडोजी खोपडेचे पुढे काय झाले?

खानाच्या पराभवानंतर त्याचा मुलगा फाजलखान जावळीच्या रानातून निसटला. त्याला वाट दाखवणाऱ्यांत खंडोजीचे नाव घेतले जाते. त्यानंतर खंडोजी लपून राहिला. शेवटी त्याने आपले सोयरे हैबतराव शिळीमकर यांच्यामार्फत कान्होजींकडे जीव वाचवण्याची विनंती केली.

कान्होजींनी नकार दिला असता तर कोणी नावे ठेवली नसती. खंडोजी फितूर होता आणि रोहिडखोऱ्यात तो जेध्यांचा स्पर्धकही होता. तरी त्यांनी महाराजांकडे रदबदली केली. महाराजांनी त्यांच्या शब्दाखातर खंडोजीला ठार न मारण्याचे मान्य केले.

पण शिक्षा चुकली नाही. खंडोजी समोर येताच महाराजांनी त्याचा एक हात आणि एक पाय तोडण्याचा हुकूम दिला. कान्होजींना वाईट वाटले. आपल्या शब्दाचे काय झाले, असे त्यांच्या मनात आले. महाराजांनी त्यांची समजूत काढली : जीव घेणार नाही असे वचन होते, ते पाळले, पण फितुरीला काहीच शिक्षा झाली नाही तर उद्या दुसरा कोणी तेच करेल.

ही शिक्षा आजच्या डोळ्यांना क्रूर वाटते, त्या काळात ती अपवादात्मक नव्हती. या प्रसंगातून महाराज आणि कान्होजी यांच्या नात्याची हद्दही कळते. कान्होजींच्या शब्दाला एका फितुराचा जीव वाचवण्याइतके वजन होते, पण राज्याचा न्याय त्यांच्या शब्दावर पूर्णपणे सोडलेला नव्हता. हे दोघांनी मान्य केले, म्हणून युती टिकली. खंडोजीने जे केले ते एका माणसाने केले. त्यावरून उत्रोली गावाकडे किंवा साऱ्या खोपडे घराण्याकडे बोट दाखवणे चुकीचे ठरेल.

पहिल्या पानाचा मान बांदलांकडे कसा गेला?

१३ जुलै १६६० रोजी पन्हाळ्याहून विशाळगडाकडे जाताना घोडखिंडीत बाजीप्रभू आणि बांदलांच्या माणसांनी सिद्दी जौहरच्या सैन्याला अडवून धरले. बाजीप्रभूंसह अनेक जण तिथे पडले. त्यानंतर महाराजांनी पहिल्या पानाचा मान बांदलांना देण्याचे ठरवले. तो आधी जेध्यांकडे असल्याने त्यांनी कान्होजींची संमती घेतली आणि कान्होजींनी ती दिली.

मानपानावरून पिढ्यान्‌पिढ्या वैर चालण्याच्या त्या काळात ही साधी गोष्ट नव्हती. वतन सोडताना समोर संकट होते. मान सोडताना कसलीच सक्ती नव्हती, आणि तो जात होता जुन्या प्रतिस्पर्ध्याकडे. १६६० च्या सुमारास कान्होजींचे निधन झाले. त्यांचा मुलगा बाजी, जो सर्जेराव म्हणून ओळखला जातो, त्यानेही स्वराज्याची चाकरी केली.

आज या खुणा कुठे दिसतात?

भोरहून कारीकडे जाताना आंबवडे गाव लागते. तिथे कान्होजी जेधे यांची समाधी आहे. प्रतापगडावर सय्यद बंडाचा वार रोखणाऱ्या जिवा महाला यांची समाधीही याच गावात आहे. एका देशमुखाचे आणि एका साध्या मावळ्याचे स्मारक एकाच गावात असणे हे मावळात जुळलेल्या नात्यांना साजेसेच आहे. कारी, आंबवडे आणि उत्रोली ही तिन्ही गावे एकाच तालुक्यात आहेत. १६५९ च्या त्या पावसाळ्यात कारी आणि उत्रोली एकमेकांपासून किती दूर गेली होती, हे आज त्या रस्त्याने जाताना ध्यानातही येत नाही.