पगारासाठी भांडले, शेवटची लढाई मात्र बिनपगारी लढले: इब्राहिमखान गारदी

दिल्लीहून पानिपत साधारण 90 किलोमीटर. आपल्याकडची माणसं तिथे गेली की बू अली शाह कलंदर यांच्या दर्ग्यावर हजेरी लावतात, इब्राहिम लोदीची कबर बघतात आणि परततात. आम्ही यावेळी मुलांना घेऊन शहराबाहेरच्या काला अंबलाही गेलो. 14 जानेवारी 1761 ला मराठे आणि अहमदशाह अब्दाली यांच्यात लढाई झाली, तिची आठवण म्हणून ही जागा जपली आहे. इथे आंब्याचं एक झाड होतं, रक्ताने जमीन भिजून ते काळं पडलं, असं लोक सांगतात. झाड आता नाही. त्याच्या जागी विटांचा स्तंभ आहे. दरवर्षी 14 जानेवारीला महाराष्ट्रातूनही लोक इथे येतात.

तिथे मुलांनी विचारलं, आपली माणसं कोणत्या बाजूने लढली? याचं उत्तर द्यायचं तर इब्राहिमखान गारदी यांची गोष्ट सांगावी लागते.

इब्राहिमखान दख्खनचे. निजामाच्या पदरी असलेल्या बुसी या फ्रेंच सेनापतीच्या फौजेत ते कवायती लढाई शिकले. रांगेत उभं राहायचं, हुकूम मिळाला की एकदम बार काढायचा, तोफा मोजूनमापून डागायच्या. अशा पायदळाला आपल्याकडे गारदी म्हणत. निजामाची नोकरी सुटल्यावर पेशव्यांनी त्यांना ठेवून घेतलं. 1760 साली आपल्या लातूर जिल्ह्यातल्या उदगीरला निजामाचा पराभव झाला, तेव्हा ते मराठ्यांच्या बाजूने होते. तिथून सदाशिवरावभाऊंनी त्यांना उत्तरेत नेलं. ऑक्टोबरमध्ये कुंजपुरा पडला, त्यातही त्यांच्या तोफांचा मोठा वाटा होता.

पण छावणीत ते सगळ्यांचे लाडके नव्हते. एक तर मल्हारराव होळकरांसारख्या जुन्या सरदारांना गनिमी काव्याची सवय. तोफा ओढत एका जागी लढायचं त्यांना पटत नव्हतं. दुसरं म्हणजे पगार. आपल्या माणसांना दरमहा ठरलेला पगार मिळालाच पाहिजे, यावर इब्राहिमखान अडून बसत. त्यावरून भाऊही त्यांच्यावर नाराज असत. वतन-जहागिरीवर चालणाऱ्या फौजेत रोख पगार मागणारा माणूस पैशाचा लोभी वाटला असणार. खरं तर ते स्वतःसाठी नाही, हाताखालच्या शिपायांसाठी भांडत होते.

नोव्हेंबरपासून पानिपतला दोन्ही फौजा समोरासमोर अडकल्या. मराठ्यांची रसद तुटली, माणसं-जनावरं उपाशी मरू लागली. पैसाही संपला. शुजाउद्दौलाच्या नोकरीत असलेल्या काशीराज पंडिताने या लढाईची हकिगत लिहून ठेवली आहे. ती सांगते की लढाईच्या सकाळी इब्राहिमखान भाऊंकडे गेले. पगारावरून झालेल्या नाराजीची आठवण त्यांनी स्वतःच काढली. या महिन्यात काहीच मिळालेलं नाही, पण हरकत नाही. आजवर घेतलेला पगार हक्काचा होता हे आज दाखवून देतो, असं त्यांनी सांगितलं.

आणि दाखवलंही. मराठ्यांच्या डाव्या बाजूला गारदी, समोर रोहिले. स्वतः निशाण हातात घेऊन इब्राहिमखान पुढे झाले, संगिनी लावून गारदी रोहिल्यांवर तुटून पडले. रोहिल्यांची प्रचंड हानी झाली. पण दुपारनंतर विश्वासराव पडले, फळी फुटली, भाऊही गेले. गारद्यांच्या बहुतेक पलटणी तिथेच संपल्या. भाल्यांच्या जखमा आणि बंदुकीची गोळी लागलेले इब्राहिमखान कैद झाले.

शुजाउद्दौलाने त्यांना आसरा देऊन वाचवायचा प्रयत्न केला, पण अब्दालीपर्यंत बातमी गेलीच. काशीराज लिहितो, शाहसमोर त्यांनी माफी मागितली नाही की फुशारकी मारली नाही. माझा मालक मारला गेला, मी जखमी कैदी आहे. जगलो आणि चाकरीत घेतलंत तर तुमचंही काम तितक्याच इमानाने करीन, एवढंच म्हणाले. नाटक-सिनेमात शोभावं असं हे उत्तर नाही. पण मालक जिवंत असेपर्यंत त्यांनी बाजू बदलली नव्हती. त्यांना अफगाणांच्या ताब्यात देण्यात आलं. जखमांमध्ये विष भरल्यामुळे आठवडाभरात त्यांचा इंतकाल झाला, अशी नोंद आहे.

पुढे 30 ऑगस्ट 1773 ला शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून गारद्यांनी केला. तेव्हापासून मराठीत गारदी म्हटलं की मारेकरीच डोळ्यासमोर येतो. त्या एका शब्दाखाली पानिपतला कापले गेलेले हजारो गारदी झाकले गेले.

मुलांना आम्ही सांगितलं, आपली माणसं दोन्ही बाजूंनी होती. शुजाउद्दौला मुसलमान, रोहिले मुसलमान आणि त्यांच्यावर चालून जाणारे इब्राहिमखानही मुसलमान. ज्याचं मीठ खाल्लं त्याच्याशी इमान, हा त्यांचा हिशेब होता आणि तो त्यांनी थकलेल्या पगाराच्या महिन्यातही पाळला.

स्तंभापाशी उभं राहून आम्ही फातिहा पढलो. पानिपतला गेलात तर दर्ग्यावरून निघताना काला अंबसाठी तासभर काढा. मुलांना बरोबर न्या.