प्राचार्यांनी राहतं घर गहाण ठेवलं आणि कॉलेजच्या पोरानं देशाला ऑलिम्पिक पदक आणून दिलं

१५ जानेवारी हा महाराष्ट्राचा राज्य क्रीडा दिन. तो ज्यांच्या वाढदिवसाला साजरा होतो ते पैलवान खाशाबा जाधव, स्वतंत्र भारताला पहिलं वैयक्तिक ऑलिम्पिक पदक मिळवून देणारे. इतकं बऱ्याच जणांना माहीत असतं. पण या पदकाच्या मागे एक कॉलेज आणि त्या कॉलेजचे प्राचार्य उभे होते, हे फारसं सांगितलं जात नाही.

खाशाबांचा जन्म १९२६ चा, कराडजवळच्या गोळेश्वर गावातला. घरात कुस्ती होतीच. आजोबा पैलवान, वडील दादासाहेबही पैलवान. पाच भावांत खाशाबा सगळ्यात धाकटे. पोहणं, धावणं, वजन उचलणं, सगळ्यात पोरगं पुढं. कराडच्या टिळक हायस्कूलमध्ये शिकत असताना १९४२ चं आंदोलन पेटलं, तेव्हा भूमिगतांना आसरा देण्याच्या कामातही ते होते.

पुढं शिकायला ते कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात आले, आणि इथंच पहिली अडचण आली.

कॉलेजच्या वार्षिक क्रीडा स्पर्धेत नाव द्यायला गेले, तर क्रीडा शिक्षकांनी नाव घ्यायलाच नकार दिला. कारण काय, तर पोराची उंची साडेपाच फुटांच्या आतबाहेर आणि अंगकाठी किरकोळ. खाशाबा थेट प्राचार्यांकडे गेले. प्राचार्य होते बॅरिस्टर बाळासाहेब खर्डेकर. त्यांनी परवानगी दिली आणि खाशाबांनी आपल्यापेक्षा धिप्पाड गडी चीतपट केले.

इथून कॉलेजच्या पोराची वाट सुरू झाली ती थेट लंडनपर्यंत. १९४८ च्या ऑलिम्पिकला जायचा खर्च कोल्हापूरच्या महाराजांनी उचलला. पण खरी पंचाईत पुढं होती. खाशाबा वाढले लाल मातीत आणि ऑलिम्पिकची कुस्ती मॅटवर. आता तुम्ही म्हणाल, कुस्ती ती कुस्ती, त्यात काय एवढं? तर फरक मोठा आहे. मातीत पाय रुततो, कुस्ती निकाली होईपर्यंत चालू शकते. मॅटवर पायाखालची पकड वेगळी, वेळ ठरलेली आणि चीतपट झाली नाही तर निकाल गुणांवर. एवढं सगळं नवं असताना खाशाबा फ्लायवेट गटात सहावे आले. लंडनमध्ये अमेरिकेचे माजी विजेते रीस गार्डनर यांनी त्यांना मॅटवरच्या कुस्तीचे धडे दिले होते.

आपल्या मातीतल्या खेळांचं जगाला अप्रूप होतं, हे त्याआधीच दिसलं होतं. १९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकानं तिथं भारतीय खेळांची प्रात्यक्षिकं दाखवली होती. म्हणजे वऱ्हाडात काय आणि कोल्हापुरात काय, ताकद आणि तालीम दोन्ही होतं. नव्हतं ते मॅट, प्रशिक्षक आणि प्रवासाचं भाडं.

१९५२ च्या हेलसिंकी ऑलिम्पिकच्या वेळी हेच आडवं आलं. आधी निवडीचा घोळ झाला. मद्रासच्या स्पर्धेत आपल्याला मुद्दाम एक गुण कमी दिला, असं खाशाबांचं म्हणणं होतं. त्यांनी पतियाळाच्या महाराजांकडे दाद मागितली. पुन्हा चाचणी झाली आणि त्यांनी प्रतिस्पर्ध्याला चीत करून जागा मिळवली.

जागा मिळाली, पण जायला पैसे नव्हते. खाशाबा आणि घरचे लोक गावोगाव वर्गणी मागत फिरले. सरकारकडून जमले ते ४,००० रुपये. मग पुन्हा खर्डेकर पुढं आले. त्यांनी आपलं घर गहाण टाकलं आणि ७,००० रुपये विद्यार्थ्याच्या हातात ठेवले.

हेलसिंकीत खाशाबा ५७ किलोच्या बँटमवेट गटात उतरले. कॅनडा, मेक्सिको आणि जर्मनीच्या पैलवानांना त्यांनी हरवलं. जपानच्या शोहाची इशी यांच्याशी झालेली लढत लांबली आणि ती खाशाबांच्या हातून निसटली. त्यानंतर लगेच सोव्हिएत संघाच्या रशीद मामेदबेयोव यांच्याशी लढायला बोलावणं आलं. दोन कुस्त्यांच्या मध्ये अर्धा तास विश्रांतीचा नियम होता, पण तो सांगून भांडायला भारताचा कुणी अधिकारी तिथं हजरच नव्हता. दमलेले खाशाबा हरले. इशींना सुवर्ण, मामेदबेयोव यांना रौप्य आणि खाशाबांना कांस्य मिळालं.

त्याच ऑलिम्पिकमध्ये हॉकी संघानं सुवर्ण जिंकलं होतं, त्यामुळं देशाचं लक्ष तिकडंच राहिलं. पण कराडकर विसरले नाहीत. सजवलेल्या शंभरावर बैलगाड्यांची मिरवणूक काढून त्यांनी खाशाबांना गोळेश्वरला नेलं.

आणि खाशाबांनी पहिलं काम काय केलं? कुस्त्यांचे फड भरवले, स्वतः लढले आणि त्या पैशातून खर्डेकरांचं घर सोडवून दिलं.

पुढची गोष्ट मात्र चटका लावणारी आहे. १९५५ मध्ये ते पोलिस खात्यात उपनिरीक्षक झाले. गुडघ्याच्या दुखापतीमुळं १९५६ चं मेलबर्न ऑलिम्पिक हुकलं. खात्यात बढती मिळायला कितीतरी वर्षं गेली, सहायक पोलिस आयुक्त झाले ते अगदी निवृत्तीच्या तोंडावर. पेन्शनसाठीही झगडावं लागलं. १४ ऑगस्ट १९८४ ला रस्ता अपघातात ते गेले. हयात असताना त्यांना ना पद्म पुरस्कार मिळाला ना अर्जुन. अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर. भारताला पुढचं वैयक्तिक पदक मिळालं थेट १९९६ मध्ये, लिएंडर पेसच्या रूपानं. म्हणजे तब्बल ४४ वर्षांनी.

आज दिल्लीतल्या कुस्तीच्या स्टेडियमला त्यांचं नाव आहे, २०२३ मध्ये गुगलनं डूडलही केलं. हे सगळं व्हायलाच हवं होतं.

पण अमरावती असो, अकोला असो की कोल्हापूर, आजही कॉलेजकडून खेळणाऱ्या पोरापोरींची वाट तीच आहे. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा, मग विद्यापीठाचा संघ, मग आंतरविद्यापीठ. कुस्ती असो की पोहणं, पहिल्या पायरीवर कुणीतरी यादीत नाव लिहावं लागतं. खाशाबांचं नाव त्या दिवशी यादीत गेलं नसतं, तर हेलसिंकीचं पदक आलंच नसतं. तुमच्या कॉलेजात ती यादी कोण करतं आणि कुणाचं नाव किरकोळ म्हणून गाळतं, हे एकदा बघायला हरकत नाही.