हाफकिन: प्लेगची लस, 53-एन नंबरची बाटली आणि एक चिमटा

शेतात पायात खिळा घुसला की मेहकर असो की चिखली, दवाखान्यात आधी धनुर्वाताचं इंजेक्शन देतात. याच धनुर्वातामुळे एका शास्त्रज्ञाचं करिअर उद्ध्वस्त झालं. परळच्या संस्थेला ज्यांचं नाव आहे, ते वाल्डेमार हाफकिन.

जन्म 1860, ओडेसातल्या ज्यू घरात. गुरू मेच्निकोव्ह. रक्तातल्या काही पेशी जंतूंना चक्क गिळतात, हे दाखवणारा हाच माणूस. पुढे पॅरिसच्या पाश्चर संस्थेत हाफकिन यांनी कॉलऱ्याची लस बनवली आणि 1892 मध्ये आधी स्वतःला टोचली.

1896 मध्ये मुंबईत प्लेग आला. सरकारने हाफकिनना बोलावलं. ग्रँट मेडिकल कॉलेजात जागा मिळाली एक खोली आणि व्हरांडा, मदतीला एक कारकून आणि तीन शिपाई. मांसाच्या रसावर तुपाचे थेंब सोडून त्यांनी प्लेगचे जंतू वाढवले (हो, तूपच!) आणि मग तापवून मारले. 10 जानेवारी 1897 ला पुन्हा पहिली सुई स्वतःलाच. नंतर भायखळा तुरुंगातल्या कैद्यांवर चाचणी झाली.

मेलेला जंतू काय कामाचा? त्याच्या अंगावरचे रेणू. आपल्या पेशी ते ओळखून ठेवतात, त्यांना चिकटणारी प्रथिनं म्हणजे अँटीबॉडी बनवतात, आणि काही पेशी ही ओळख जपून ठेवतात. फोनच्या अँटिव्हायरसमध्ये व्हायरसची सिग्नेचर असते ना, साधारण तसंच. फक्त इथलं अपडेट शरीर स्वतः करतं.

मग 1902 चा ऑक्टोबर. पंजाबातल्या मुलकोवाल गावात 107 जणांना लस दिली. त्यातले 19 जण धनुर्वाताने गेले. सगळे एकाच बाटलीतून टोचलेले, नंबर 53-एन. चौकशीत ठपका आला मुंबईच्या प्रयोगशाळेवर. हाफकिन पदावरून गेले.

खरं तर गावात बाटली उघडताना चिमटा जमिनीवर पडला होता, आणि तो नीट निर्जंतुक न करताच वापरला गेला. धनुर्वाताचे बीजाणू मातीत असतात. ते शरीरात रुजले की विष सोडतात. स्नायूला सैल पडायला सांगणारा मज्जातंतूंचा सिग्नल हे विष अडवतं, मग जबडा आवळतो, पाठ धनुष्यासारखी वाकते. विष मुंबईहूनच बाटलीत आलं असतं तर तिला घाण वास सुटला असता. उघडणाऱ्याला तसा वास आलाच नव्हता.

इतकी साधी गोष्ट पटायला पाच वर्षं लागली. रोनाल्ड रॉससारख्या शास्त्रज्ञांनी लंडनच्या पेपरात बाजू लावून धरली, तेव्हा 1907 मध्ये हाफकिन निर्दोष ठरले. ते कलकत्त्याला परतले, पण माणसांवर लसीच्या चाचण्या घ्यायची मुभा त्यांना मिळाली नाही. मला विचाराल तर खरी शिक्षा हीच.

परळच्या प्रयोगशाळेला 1925 मध्ये त्यांचं नाव दिलं गेलं. हाफकिन 1930 मध्ये स्वित्झर्लंडमधल्या लोझानला वारले.